हाफकिनसाहेब आणि प्लेगाची लस

आमच्या शाळेंतील एका वर्गांत आम्ही सहज प्रश्न केला कीं, हाफकिन म्हणजे काय? कोणी म्हणालें, औषधांचा कारखाना. कोणी म्हणालें, मुंबईंतील एक इस्पितळ. एका मुलाचे आजोबा शेतांत सर्पदंश होऊन दवाखान्यांत होते. तेथें बाटलीवर हें नांव पाहिल्याचें त्यास आठवलें, आणि हाफकिन हें सापाच्या विषावरील औषधाचें नांव आहे असें त्यानें सांगितलें. यांपैकीं कोणतेंही उत्तर अगदींच वेडगळ नव्हतें. परंतु हाफकिन हें एका माणसाचें नांव आहे, तो माणूस काळ्या समुद्राच्या कांठीं जन्मला, आणि त्याच्या उमेदीचीं वर्षें आपल्या देशांत, त्यांतलीं मोलाचीं तर आपल्या मुंबईंत गेलीं, हें वर्गांतील एकासही ठाऊक नव्हतें. तो दोष मुलांचा नव्हे. संस्था मोठी झाली म्हणजे तिच्या नांवामागचा माणूस दिसेनासा होतो. म्हणून यंदाच्या अंकासाठीं आम्ही हा विषय घेतला आहे.

आपल्या बुलढाणा जिल्ह्यांत प्लेग डोळ्यांनीं पाहिलेलें माणूस आतां शोधूनही सांपडणार नाहीं. तथापि जुन्या घराण्यांतून त्याच्या गोष्टी अद्याप सांगितल्या जातात. घरांत, कोठारांत उंदीर मरून पडूं लागले कीं लोक समजत, आतां पाळी माणसांची. मग घरास कुलूप घालून सारें गांव शेतांत जाई, तेथें तुऱ्हाट्यांच्या व गवताच्या झोपड्या उभ्या राहत, आणि सांथ ओसरेपर्यंत गांवांत दिवा लागत नसे. कोणी मरीआईचा गाडा शिवेपार नेऊन सोडीत. रोग्यास सणकून ताप भरे, कांखेंत किंवा जांघेंत गांठ येई, आणि पुष्कळदां आठवड्याच्या आंत सर्व संपे. साधे लोक यास गांठीचा ताप म्हणत. वैद्यांनीं त्यास ग्रंथिक सन्निपात असें नांव दिलें होतें. मुंबईहून निघालेला लोहमार्ग मलकापूर, नांदुरा, शेगांव या ठाण्यांवरून नागपुराकडे जातो आणि त्याचा एक फांटा खामगांवच्या कापसाच्या बाजारपेठेंत येतो, हें आमच्या वाचकांस सांगावयास नकोच. ज्या वाटेनें व्यापार वाढला त्याच वाटेनें धान्याच्या पोत्यांतून उंदीर, उंदरांच्या अंगावरून पिसवा व पिसवांच्या पोटांतून हा रोग वऱ्हाडांत उतरला. १८९६ पासून १९१८ पर्यंत हिंदुस्थानांत प्लेगानें एक कोटीहून अधिक माणसें नेलीं.

उंदीर आणि गांठी यांचा कांहीं संबंध आहे, ही शंका माणसास फार प्राचीन काळीं आलेली दिसते. शास्त्रपाठाच्या तासाला शमुवेलाचें पहिलें पुस्तक वाचतांना आमच्या विद्यार्थ्यांनीं पलिष्टी लोकांची हकीकत वाचली आहे. कराराचा कोश परत पाठवितांना त्यांनीं सोन्याच्या गांठी व सोन्याचे उंदीर घडवून बरोबर दिले. ती सांथ प्लेगाचीच असावी असें कांहीं विद्वानांचें मत आहे. मात्र रोगाचा जंतु प्रत्यक्ष सांपडण्यास १८९४ साल उजाडावें लागलें. त्या वर्षीं हाँगकाँग येथें येर्सिन या शास्त्रज्ञानें तो ओळखला. पुढें दोनच वर्षांनीं प्लेग मुंबईंत आला.

आतां आमच्या चरित्रनायकाकडे वळूं. वाल्देमार मोर्देकाय हाफकिन यांचा जन्म १५ मार्च १८६० रोजीं रशियन साम्राज्यांतील ओदेसा शहरीं एका यहुदी कुटुंबांत झाला. तेथील विद्यापीठांत त्यांनीं प्राणिशास्त्राचा अभ्यास केला. मेचनिकॉफ हे त्यांचे गुरु. रक्तांतील पांढऱ्या पेशी रोगजंतूंस गिळून टाकतात असें दाखवून देणारे ते हेच. त्या काळीं रशियांत यहुदी वस्त्यांवर दंगेखोरांचे हल्ले होत. १८८१ सालीं असे हल्ले झाले तेव्हां आपल्या लोकांच्या रक्षणार्थ जे तरुण उभे राहिले त्यांत हाफकिन होते, व त्याबद्दल त्यांस तुरुंगही पाहावा लागला. पुढें विद्यापीठांतील अध्यापकाच्या जागेचा प्रश्न निघाला तेव्हां, रशियाच्या राजमान्य ख्रिस्ती पंथाची दीक्षा घेतल्यास मार्ग मोकळा होईल, असें त्यांस कळलें. त्यांनीं तें नाकारलें. आमची शाळा ख्रिस्ती मंडळीनें स्थापिलेली आहे म्हणूनच हें आम्ही येथें मुद्दाम लिहितों. नोकरीच्या आमिषानें घेतलेल्या दीक्षेंत ख्रिस्ताचा सन्मान नाहीं, आणि ती नाकारणाऱ्या या तरुणाविषयीं आम्हांस आदरच वाटतो.

१८८८ सालीं देश सोडून ते प्रथम जिनीव्हास व पुढील वर्षीं पॅरिस येथें गेले. लुई पाश्चर यांच्या संस्थेंत गुरु मेचनिकॉफ आधींच दाखल झाले होते. परंतु हाफकिन यांच्या वांट्यास तेथें जी जागा आली ती ग्रंथालयांतील साहाय्यकाची! पुस्तकें लावावीं, मागितलेलीं काढून द्यावीं, आणि उरलेल्या वेळांत सूक्ष्मदर्शकापुढें बसावें, असा त्यांचा क्रम असे. विरंगुळ्यास व्हायोलिन होतें. ते वैद्यक शिकलेले नव्हते, ही गोष्ट ध्यानांत ठेवावी. पुढें डॉक्टरमंडळींपैकीं कित्येकांनीं त्यांस परका मानलें याचें एक कारण हेंच.

त्या वेळीं युरोपांत पटकीची सांथ होती. हाफकिन यांनीं पटकीच्या जंतूंचे दोन प्रकार तयार केले, एक दुबळा केलेला व दुसरा कडक केलेला. प्रथम दुबळा टोंचावयाचा व कांहीं दिवसांनीं कडक. प्राण्यांवर प्रयोग यशस्वी झाला. पण माणसावर? १८ जुलै १८९२ रोजीं त्यांनीं ती लस स्वतःच्या शरीरांत टोंचून घेतली. ताप आला, टोंचल्या जागीं दुखलें, आणि बरें वाटलें. मग त्यांच्या कांहीं रशियन मित्रांनीं टोंचून घेतलें. एवढें होऊनही युरोपांतील सरकारांनीं या ग्रंथपालाकडे फारसें लक्ष दिलें नाहीं. हिंदुस्थानचे पूर्वीचे व्हाइसरॉय लॉर्ड डफरिन हे त्या वेळीं पॅरिस येथें इंग्लंडचे वकील होते. त्यांच्या साह्यानें हाफकिन यांस हिंदुस्थानांत जाण्याची परवानगी मिळाली, आणि मार्च १८९३ मध्यें ते कलकत्त्यास उतरले.

येथून जो भाग सुरू होतो तो आम्हांस या चरित्रांतील सर्वांत शिकण्यासारखा वाटतो. परकी भाषा, परका वेष, हातांत सुई, आणि सुईंत खुद्द रोगाचेच जंतु. अशा माणसावर आपल्या लोकांनीं विश्वास कां ठेवावा? आपण त्या काळीं असतों तर ठेवला असता काय? कलकत्त्याच्या एका वस्तींत लोकांनीं दगड मारून त्यांचीं कांचेचीं उपकरणें फोडलीं असें सांगतात. त्या वेळीं हाफकिन यांनीं पोलीस बोलाविले नाहींत. त्यांनीं सदरा वर केला व सोबतच्या डॉक्टराकडून जमावाच्या देखत स्वतःला लस टोंचवून घेतली. मग एकामागून एक लोक पुढें आले. १८९४ सालीं कलकत्त्याच्या काठालबागान वस्तींतील सुमारें २०० लोकांपैकीं ११६ जणांनीं लस घेतली. त्यानंतर त्या वस्तींत पटकीचे जे रोगी निघाले ते सर्व लस न घेतलेल्यांतले होते. १८९५ पर्यंत देशांत ठिकठिकाणीं फिरून त्यांनीं ४२ हजारांवर लोकांना ही लस दिली. मलेरियानें हैराण होऊन त्यांस मध्यंतरीं इंग्लंडला जावें लागलें, पण १८९६ मध्यें ते परत आले.

त्याच वर्षीं सप्टेंबर महिन्यांत मुंबईच्या मांडवी भागांत डॉ. अकासिओ व्हिएगास या गोमंतकीय डॉक्टरांनीं विचित्र तापाचे रोगी पाहिले व हा प्लेग आहे असें निदान केलें. शहरांत एकच हलकल्लोळ उडाला. पुढील कांहीं महिन्यांत लक्षावधि लोक मुंबई सोडून आपापल्या गांवीं निघाले, आणि त्यांच्याबरोबर रोगही निघाला. ऑक्टोबरमध्यें सरकारनें हाफकिन यांस कलकत्त्याहून मुंबईस बोलाविलें. ग्रँट वैद्यकीय महाविद्यालयांत त्यांस एक खोली मिळाली. मदतीस एक कारकून व तीन शिपाई. पृथ्वीवरील पहिली प्लेगाची लस एवढ्या लवाजम्यावर तयार झाली.

ती कशी तयार झाली, हें आमच्या विज्ञानाच्या विद्यार्थ्यांनीं अवश्य समजून घ्यावें. जंतु वाढविण्यास मांसाचा रस्सा लागे. गाईचें मांस हिंदूंस वर्ज्य, डुकराचें मुसलमानांस व स्वतः हाफकिन यांच्या यहुदी धर्मांतही वर्ज्य. म्हणून त्यांनीं बकऱ्याचें मांस आम्लांत विरवून तो रस्सा केला. टोंचून घेणाराच्या धर्मभावनेचा विचार प्रयोगशाळेंत, तोही इतक्या घाईच्या वेळीं, त्यांनीं केला, हें लहानसें काम नव्हे. रस्सा मोठ्या चंबूंत भरून त्यावर तुपाचे किंवा खोबरेल तेलाचे थेंब सोडीत. या थेंबांच्या खालच्या बाजूस प्लेगाचे जंतु धरत व वडाच्या पारंब्यांप्रमाणें रस्स्यांत खालीं लोंबत वाढत. चंबू हलविला कीं पारंब्या तुटून तळाशीं बसत आणि वर नवीन धरत. असें कांहीं आठवडे झाल्यावर तो रस्सा सुमारें ६५ ते ७० अंश उष्णतेवर तासभर ठेवून सर्व जंतु मारीत, व शेवटीं थोडें कार्बोलिक आम्ल घालीत. म्हणजे लसीमध्यें जिवंत जंतु नसे, त्याचें कलेवर असे. शेतावरचा जागल्या एकदां मारलेला लांडगा जवळून पाहतो, त्याचा वास व ठसा ओळखतो, आणि पुढें जिवंत लांडगा कुंपणाशीं आला कीं झोंपेंतूनही उठतो. शरीराचें कांहींसें तसेंच आहे. मेलेल्या जंतूची ओळख पटली कीं जिवंत जंतूस तें लौकर पकडतें.

१० जानेवारी १८९७ रोजीं, कामास लागून तीन महिने होतात न होतात तोंच, हाफकिन यांनीं १० घन सेंटिमीटर लस स्वतःच्या शरीरांत टोंचवून घेतली. पुढें लोकांस जी मात्रा देण्यांत आली तिच्या तिपटीहून ही अधिक होती. लोकांना जें सोसावें लागेल त्याहून अधिक आपण आधीं सोसून पाहावें, हा त्यांतील हेतु उघड आहे. कडक ताप आला, बाजू ठणकली, आणि कांहीं दिवसांत उतार पडला. त्या महिन्याच्या अखेरीस भायखळ्याच्या तुरुंगांत प्लेग शिरला. तेथील सुमारें निम्म्या कैद्यांनीं आपण होऊन लस घेतली. लस घेतलेल्यांत रोग्यांची संख्या न घेतलेल्यांहून बरीच कमी राहिली.

टीकाकार म्हणाले, तुरुंगावरून गांवाचें अनुमान कसें करावें? मग १८९८ च्या फेब्रुवारींत बडोदें संस्थानांतील उंढेरा या खेड्यांत दुसरी चांचणी झाली. प्रत्येक घरांतील निम्म्या माणसांस लस द्यावयाची व निम्म्यांस नाहीं, म्हणजे घर तेंच, अन्न तेंच, हवा तीच, फरक फक्त सुईचा. पुढें ज्या घरांत प्लेग शिरला त्यांतील आंकडे असे आहेत: लस घेतलेलीं माणसें ७१, त्यांपैकीं आजारी ८, मृत ३, न घेतलेलीं माणसें ६४, आजारी २७, मृत २६. गणिताच्या विद्यार्थ्यांनीं याचें शेंकडा प्रमाण स्वतः काढून पाहावें. हे आंकडे वाचतांना आमचा हात मात्र क्षणभर थांबला. ज्या घरांत बाप लस घेऊन वांचला आणि मुलगा न घेणाऱ्यांत होता म्हणून गेला, त्या घरास या प्रमाणानें काय वाटलें असेल? खरें ज्ञान हातीं येण्यास अशी किंमत द्यावी लागते, आणि ती कोणी दिली हें विसरूं नये.

आतां याच काळांतील दुसरें चित्र पाहा. ४ फेब्रुवारी १८९७ रोजीं सरकारनें सांथरोगांचा कायदा केला. २०२० सालीं कोरोनाच्या वेळीं सरकारनें काढून हातीं घेतला तो हाच कायदा. त्याच्या जोरावर घरोघर झडत्या, रोग्यांस ओढून नेणें, सामान जाळणें, स्त्रियांची तपासणी, असे प्रकार झाले. पुण्यांत या जाचाचा शेवट २२ जून १८९७ च्या रात्रीं रँडसाहेबावरील प्राणघातक हल्ल्यांत झाला, हें इतिहासाच्या पुस्तकांत आहे. त्याच पुण्यांत, त्याच वर्षीं १० मार्च रोजीं, सावित्रीबाई फुले प्लेगाच्या रोग्यांची सेवा करतां करतां त्याच रोगानें वारल्या. एकीकडे बंदुकीचा धाक, दुसरीकडे रोग्यास पाठीवर घेणारी वृद्ध बाई. हाफकिन हे सरकारचे नोकर असूनही टोंचणी सक्तीची करूं नये अशाच मताचे होते. मुंबईंतील खोजा समाजाचे तरुण प्रमुख आगाखान यांनीं आपल्या लोकांसमोर स्वतः टोंचून घेतलें, तेव्हां त्या समाजांतील हजारों माणसें लस घ्यावयास आलीं. कायद्यास जें साधलें नाहीं तें एका दंडानें साधलें.

कामाचा व्याप वाढला तशी जागा पुरेना. १० ऑगस्ट १८९९ रोजीं परळ येथील गव्हर्नरांच्या जुन्या वाड्यांत प्लेग संशोधनाची प्रयोगशाळा उघडण्यांत आली. हा वाडा गव्हर्नरांनीं कां सोडला होता? १८८२ सालीं गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन यांच्या पत्नी तेथेंच पटकीनें वारल्या होत्या. ज्या घरांतून पटकीनें राज्यकर्त्यांस उठविलें त्या घरांत पटकीवर लस काढणारा मनुष्य राहावयास आला. लस आतां लाखांच्या हिशेबानें तयार होऊं लागली. हाफकिन चाळिशीच्या आंत होते, कीर्ति शिखरास पोंचली होती, आणि येथेंच घात झाला.

३० ऑक्टोबर १९०२ रोजीं पंजाबांतील मलकोवाल या गांवीं (हें गांव हल्लीं पाकिस्तानांत आहे, आपल्या मलकापुराशीं याचा कांहीं संबंध नाहीं) १०७ लोकांस लस टोंचण्यांत आली. पांच बाटल्या उघडल्या गेल्या. चार बाटल्यांतील लस घेतलेल्यांस कांहीं झालें नाहीं. पांचव्या बाटलींतील लस १९ जणांनीं घेतली होती. आठवडाभरानें त्यांस धनुर्वाताचीं लक्षणें दिसूं लागलीं, आणि ते एकोणीसही मेले. सर्व देशांत हाहाकार झाला. संशय अर्थात् परळच्या प्रयोगशाळेवर आला. पंजाबांतून लसीची मागणी एवढी वाढली होती कीं काम लौकर उरकण्यासाठीं हाफकिन यांनीं कार्बोलिक आम्ल घालणें सोडून केवळ उष्णतेनें जंतु मारण्याची रीत धरली होती. पाश्चर यांच्या संस्थेंत ही रीत चालत होती. पण चौकशी समितीच्या दृष्टीनें हाच अपराध ठरला. मुंबईचे मुख्य न्यायाधीश सर लॉरेन्स जेन्किन्स हे तिचे अध्यक्ष होते. बाटली परळ येथें भरतांनाच दूषित झाली असावी, असा तिचा कल पडला. हाफकिन यांस परळच्या कामावरून दूर करण्यांत आलें. ते इंग्लंडला गेले.

खरें काय झालें होतें? मलकोवाल येथें ती बाटली उघडतांना साहाय्यकाच्या हातून चिमटा जमिनीवर पडला होता. तो उकळून न घेतां सौम्य औषधी पाण्यांत बुडवून त्यानेंच बुचास हात घातला गेला. धनुर्वाताचे जंतु मातींत, विशेषतः जनावरांच्या शेणानें मिसळलेल्या मातींत असतात. शेतांत पाय कापला कीं डॉक्टर धनुर्वाताची सुई देतात ती याचसाठीं. आणखी एक गोष्ट. धनुर्वाताचे जंतु बंद बाटलींत कित्येक दिवस वाढले तर त्यांस घाणेरडा वास येतो. बाटली उघडली तेव्हां तिला असा वास नव्हता, हें तेथील डॉक्टरांनीं नमूद केलें होतें. हा पुरावा कागदांत होता, पण निकालांत त्यास वजन मिळालें नाहीं.

एका बाटलीच्या डागाखालीं हाफकिन यांचीं ऐन उमेदीचीं चार-पांच वर्षें गेलीं. त्यांनीं कोणावर शिवीगाळ केली नाहीं. ते मुद्दे मांडीत राहिले, कागद मागत राहिले. मलेरियाचा प्रसार डांसांनीं होतो हें सिद्ध करणारे रोनाल्ड रॉस यांनीं त्यांची बाजू हातीं घेतली. २९ जुलै १९०७ रोजीं लंडनच्या 'टाइम्स' पत्रांत रॉस व इतर नामांकित जंतुशास्त्रज्ञांच्या सह्यांचें एक पत्र प्रसिद्ध झालें. आरोप सिद्ध झालेला नाहीं असें त्यांनीं निक्षून सांगितलें. त्या वर्षाच्या अखेरीस सरकारनें हाफकिन यांस पुन्हा नोकरींत बोलाविलें. मात्र परळची प्रयोगशाळा त्यांस परत मिळाली नाहीं. कलकत्त्यास नेमणूक झाली, आणि तेथें लस तयार करण्याची सोय नव्हती. ज्या हातांनीं लाखो मात्रा केल्या त्यांस आतां कागदावर काम करावें लागलें. त्या बाटलीवर ५३-एन असा क्रमांक होता, हें आजही वैद्यकाचा इतिहास लिहिणारे सांगतात. मेलेल्या १९ माणसांचीं नांवें मात्र कोणत्याच पुस्तकांत आमच्या पाहण्यांत आलीं नाहींत.

हाफकिन यांची लस रामबाण होती असें आम्ही म्हणणार नाहीं. तिनें ताप येई, दंड दुखे, तिचा गुण कांहीं महिनेच टिके, व लस घेऊनही कांहीं माणसें मेलीं. तथापि मृत्यूचें प्रमाण तिनें निम्म्याहून अधिक उतरे. १८९७ ते १९२५ या काळांत मुंबईहून तिच्या २ कोटी ६० लक्ष मात्रा बाहेर गेल्या. रोग पसरतो कसा हें कोडेंही त्याच सुमारास उलगडलें. १८९८ मध्यें सिमाँ या फ्रेंच डॉक्टरनें कराची येथें उंदराच्या अंगावरील पिसवेवर बोट ठेवलें. लोक त्यास हंसले. पुढें १९०५ नंतर परळच्याच प्रयोगशाळेंतील संशोधकांनीं तें खरें करून दाखविलें. म्हणजे घरें धुऊन, सामान जाळून सरकारनें जो त्रास दिला त्यांतील बराचसा व्यर्थच होता; मेलेल्या उंदरापासून दूर शेतांत राहावयास जाणाऱ्या आमच्या वऱ्हाडी शेतकऱ्याचीच अक्कल खरी ठरली! पुढें सल्फा जातीचीं औषधें व स्ट्रेप्टोमायसिन आलीं आणि प्लेगाची धार बोथट झाली. १९९४ सालीं बीड जिल्ह्यांत व सुरतेस त्याचें नांव पुन्हा ऐकूं आलें.

१९१५ च्या सुमारास हाफकिन सेवानिवृत्त होऊन युरोपांत परतले. ते अविवाहित होते. उत्तरायुष्यांत त्यांचें मन धर्माकडे अधिक वळलें, आणि आपली मिळकत त्यांनीं पूर्व युरोपांतील यहुदी मुलांच्या धार्मिक पाठशाळांसाठीं ठेवली. १९२५ सालीं परळच्या प्रयोगशाळेस त्यांचें नांव देण्यांत आलें, तेव्हां ते हयात होते. कलंक लागला तोही त्याच घरामुळें, आणि कलंक पुसला गेला तोही त्याच घराच्या पाटीवर. २६ ऑक्टोबर १९३० रोजीं स्वित्झर्लंडमधील लोझान येथें त्यांचें निधन झालें. १९६४ सालीं भारत सरकारनें त्यांच्या चित्राचें टपाल तिकीट काढलें.

परळच्या वाड्यांत संशोधन आजही चालतें. १९७५ सालीं औषधें तयार करण्याचें काम वेगळ्या महामंडळाकडे सोंपविण्यांत आलें. आपल्या गांवच्या अंगणवाडींत रविवारीं बाळांना पोलिओचे जे दोन थेंब पाजतात ते या महामंडळानें कोट्यवधि मात्रांनीं पुरविले. सर्पदंशावरील औषधाची कृति तर हाफकिन यांच्याच विचाराची धाकटी बहीण म्हणावी लागेल. विषारी सर्पाचें विष अगदीं थोड्या थोड्या मात्रेनें घोड्यास टोंचतात. घोड्याच्या रक्तांत त्या विषाचा उतारा तयार होतो. मग घोड्यास न मारतां थोडें रक्त काढून त्यांतून तो उतारा वेगळा करून बाटल्यांत भरतात. पुण्याजवळ पिंपरी येथें यासाठीं घोडे पाळले गेले. पावसाळ्यांत आमच्या जिल्ह्यांत पेरणी, निंदणी करणाऱ्या कित्येकांस नाग, मण्यार, घोणस किंवा फुरसें चावतें. मांत्रिकाकडे न जातां जो तडक आरोग्य केंद्रांत जातो त्याच्या शिरेंत हेंच औषध जातें.

लेखाच्या आरंभीं ज्या मुलाचा उल्लेख केला त्याचे आजोबा तीन दिवसांनीं घरीं आले. यंदा मृग लागल्यावर तिफणीमागें तेच होते, असें तो परवां सांगत होता.